नदाफांना आडनाव कसं मिळालं

सकाळी आपल्या दुलईचा कापूस पिंजून गेले ना, ते नदाफचाचा? त्यांच्या आडनावाची ही गोष्ट. आधी पाय त्या दुलईत घ्या, मगच सांगते. घेतले? हं.

तर एकदा काय झालं, अरबांच्या मुलखात, वाळूच्या मधोमध एक शहर होतं. तिथला रिवाज भारी खडूस, बरं का. वेशीवरचा दरवान विचारायचा, "कुणाचा तू?" मग आपण बापाचं नाव सांगायचं. सांगता आलं तर खुशाल राहा. नाही आलं तर दिवसभर फिरा, पण सूर्य मावळायच्या आत बाहेर व्हा.

आता सुहैल बिचारा काय सांगणार? तान्हा असताना तो हाजराखालाला विहिरीपाशी सापडला होता. खाला म्हणजे मावशी. ती कापूस पिंजायची. तिनं त्याला वाढवलं, काम शिकवलं आणि देवाघरी जाताना आपली पिंजायची धनुकली त्याच्या हातात दिली. पण दरवानाला मावशीचं नाव चालेना. बापाचंच हवं म्हणे! मी तिथं असते ना, तर त्या दरवानाला... असो.

सुहैलला त्या शहरात एक खोली हवी होती. लहानशी चालली असती. दिवसभर काम करून जिथं परत यावं, अशी एक जागा, एवढंच त्याचं मागणं होतं.

त्याची धनुकली मात्र साधी नव्हती. कापूस सगळं ऐकून ठेवतो, आणि या धनुकलीची तार छेडली की कापसानं ऐकलेलं सगळं बाहेर पडायचं.

मग सुहैल गेला एका सराईत, म्हणजे मुसाफिरांच्या धर्मशाळेत. मालक म्हणाला, "ही गादी पिंजून दे, खोली देतो." सुहैलनं तारेवर ठोका मारला. टंग! गादीतून काय निघालं असेल? घोरणं! आजवर त्या गादीवर झोपून गेलेले सगळे उंटवाले एकदम घोरायला लागले. घुर्रर्र! बाहेरचे उंट दावी तोडून पळाले. मग काय, उंटांच्या मागे मालक आणि मालकाच्या शिव्या सुहैलच्या मागे.

मग तो गेला रोट्या भाजणाऱ्या एका बाईकडे. तिनं उशी दिली. टंग! उशीतून तिचाच आवाज आला, "माझी सासू म्हणजे नुसती किरकिर!" आणि सासू कुठं? दारात उभी! हसू नका. तुमची आई उशीत काय काय बोलत असेल, मला सगळं ठाऊक आहे. तर तिथूनही सुहैलला बाहेर काढलं.

ऊन कललं. सुहैल डोळे पुसत वेशीकडे निघाला. तेवढ्यात दवंडी आली. राजकन्या नुहाला झोप येत नाही हो! जो तिला झोपवील, त्याला मागेल ते मिळेल हो!

नुहाची आई वारली होती. आईच्या वस्तू बघून पोर रडेल, म्हणून राजानं राणीची दुलई कुलपात टाकली आणि लेकीला रोज नवी कोरी गादी करून घातली. फार माया असली की माणसाच्या हातून अशी चूक होते. पोर रडायची थांबली खरी, पण तिची झोपही गेली.

सुहैल महालात गेला आणि त्यानं ती गादी चाचपली. "हुजूर, हा कापूस मुका आहे," तो म्हणाला. "याला अजून कुणी काही सांगितलेलंच नाही. जुना आणा."

"जुनी एकच दुलई आहे. ती मी उघडणार नाही."

"मग मी निघतो, हुजूर. सूर्य खाली आलाय."

राजानं लेकीकडे पाहिलं. इवलंसं तोंड झालं होतं तिचं. मग त्यानं कमरेची किल्ली काढली.

दुलईत कापसाचे घट्ट गोळे झाले होते. आधी घोरणं निघालं, मग भांडण. आता यातून काय निघेल? टंग! राणीचं आजारपणातलं कण्हणं आलं. "थांब!" राजा ओरडला. सुहैल थांबला नाही. टंग! खोकला आला. राजानं कान झाकले. आता गप्प बसावं की पुन्हा मारावं? सुहैलनं हाजराखालाची आठवण काढली आणि ठोका मारला.

टंग! गोळे सुटले, कापूस उडाला आणि सगळ्या महालात राणीचा आवाज भरून राहिला. "नुहा, नीज. मी इथंच आहे."

राजा धाय मोकलून रडला. नुहाही रडली, आणि रडत रडतच कापसाच्या ढिगात शिरून झोपी गेली.

"माग," राजा हळूच म्हणाला.

"मला बापाचं नाव द्या, हुजूर."

राजानं मान खाली घातली. "ते माझ्या हातात नाही रे." आणि रिवाज मोडायचं त्याच्या डोक्यातच येईना. राजे असेच असतात. तेवढ्यात दरवान आलाच. त्यानं सुहैलचा दंड धरला आणि सवयीनं विचारलं, "कुणाचा तू?"

कापसातून झोपाळू आवाज आला, "माझा. माझा नद्दाफ आहे तो."

नद्दाफ म्हणजे त्यांच्या भाषेत कापूस पिंजणारा. दरवानानं राजाकडे पाहिलं, राजानं दरवानाकडे. त्या प्रश्नाला उत्तर तर मिळालं होतं. दरवानानं हात सोडला.

मग सुहैलला वेशीजवळ खोली मिळाली. त्याचं बघून बाकीचे लोकही कामावरून नावं घ्यायला लागले. लोहार झाला हद्दाद, अत्तरवाला झाला अत्तार. सुहैलची नातवंडं-पतवंडं पिंजत पिंजत दूरदूर गेली, आपल्याकडेही आली. वाटेत एक द तेवढा सांडला. सुहैल मात्र विचारलं की सांगायचा, "सुहैल नद्दाफ, हाजराखालाचा." आणि दरवान ते निमूट ऐकून घ्यायचा. सगळी सुखात राहिली.

आता तुमच्या दुलईलाही सगळं ऐकू येतंय, बरं का. म्हणून भांडण बंद. तिच्या कानात काहीतरी चांगलं सांगा आणि डोळे मिटा. मिटले? निजा आता. मी इथंच आहे.