टिकलीचं शेवटचं पान

“पण बुवा, शेवटच्या पानावर टिकली घरी परत आली, तर बिघडलं कुठं?”

सुधन्वा रिसबुडानं हे दुसऱ्यांदा विचारलं. रेवणबुवा पावट्याच्या शेंगा सोलत होते. त्यांनी मान वर केली नाही.

“बिघडलं असं मी कुठं म्हटलं? तूच विचारतोयस.”

बुवांचा मठ म्हणजे दोन खोल्या, एक ओटा आणि पुढं अंगण. मी तिथंच राहतो. पाणी भरतो, आल्यागेल्याला चहा देतो. साठी ओलांडली माझी, त्यामुळं कोण शिकायला आलंय आणि कोण पाठ थोपटून घ्यायला, ते मला चहा संपायच्या आत कळतं. सुधन्वा दुसऱ्यातला. माणूस वाईट नव्हे. पण आपल्या हातात कला आहे हे तो क्षणभर विसरायचा नाही, आणि दुसऱ्यालाही विसरू द्यायचा नाही.

तो लहान मुलांची चित्रांची पुस्तकं करायचा. नायिका एकच. टिकली नावाचं मांजराचं पिल्लू, पांढरंशुभ्र, कपाळावर काळा ठिपका. टिकली बागेत जाते. टिकली ओढ्यावर जाते. बेडकाला नाव विचारते, कुत्र्याच्या पाठीवर बसून कुंपणापलीकडं बघते. आणि शेवटच्या पानावर घरी येऊन एका मुलीच्या पांघरुणात झोपते. नवं पुस्तक झालं की आधी बुवांच्या पायाशी ठेवायचं, हा त्याचा नेम.

या खेपेला पुस्तक अर्धंच होतं. सुटी पानं, आणि शेवटचं कोरं.

सोबत त्याची मुलगीही होती. शर्वी, सहा वर्षांची. ती अंगणाच्या पायरीवर बसली होती, मांडीवर दुधाची वाटी घेऊन. वाटी तिनं घरून आणली होती. दूध माझ्याकडून मागून घेतलं. मी म्हटलं, “पी की गं.” तर म्हणाली, “माझं नाहीये.”

“मांजर खरं, का मनातलं?” बुवांनी विचारलं.

सुधन्वा खुलला. “खरं, बुवा! घरचंच. आम्ही तिसऱ्या मजल्यावर. बाहेर सोडलं तर मांजर हातचं जायचं, आणि मळलं तर चित्र कसलं काढणार? म्हणून मी बाहेरचं सगळं आत आणलं. ट्रेमध्ये गवत लावलं. परातीत चिखल केला. दोऱ्याला कागदी फुलपाखरू. आणि चिंध्या भरलेला एक मोठा कुत्रा. टिकली त्याच्या पोटाशी झोपायची.”

खाली बाग असताना तिसऱ्या मजल्यावर गवत लावायचं! याला द्राविडी प्राणायाम म्हणतात. पण मी गप्प बसलो. मठात राहून तेवढं जमायला लागलंय.

“म्हणजे ती ओढ्यावर गेलीच नाही,” बुवा म्हणाले.

“पुस्तकात गेली ना.”

“बागेत?”

“पुस्तकात.”

“हं…”

बुवांनी शेंगांची पाटी बाजूला सारली, हात धोतराला पुसले आणि पानं उलटायला घेतली. चित्रं देखणी होती, खोटं कशाला बोलू? गवताची पाती अशी, की हात लावावासा वाटावा.

एका पानावर बुवा थांबले.

टिकली रस्त्याच्या कडेला उभी. शेपूट ताठ, एक पंजा उचललेला. समोर कुत्रा, त्याचं नुसतं तोंड दिसतंय. आणि टिकलीचे डोळे… बाकीच्या पानांवर मांजर होतं. या पानावर टिकली होती.

“हे घरातलं नव्हे,” बुवा म्हणाले.

सुधन्वा बाकीची पानं उगाच सारखी करायला लागला.

“कुठलं?”

“बाहेरचं,” तो म्हणाला. “म्हटलं, एकदा तरी खऱ्या उजेडात बघावं. फाटकाबाहेर सोडली तिला. शर्वी शाळेत गेली होती.”

“मग?”

सुधन्वानं पायरीकडं बघितलं आणि आवाज खाली आणला. “हळू, बुवा. तिला माहीत नाही. कुत्रा खरा होता. टिकली सरळ त्याच्यापाशी गेली. तिला वाटलं असणार, आपलाच. त्यानं… एका झटक्यात. काही करता आलं नाही.”

बुवा चित्राकडं बघत होते.

“आणि पोरीला काय सांगितलंस?”

“टिकली फिरायला गेलीय. पुस्तकात येते, तशी येईल परत.” तो भराभर बोलायला लागला. “तेवढ्यासाठीच हे शेवटचं पान, बुवा. छापील पुस्तकात टिकली घरी आलेली दिसली, की तिचं समाधान होईल. तोवर मी तसलंच एखादं पिल्लू बघतो. कपाळावर ठिपका काय, रंगानंही देता येतो. लहान आहे ती, कळणार नाही.”

मला राग आला त्याचा. आणि लगेच कीवही आली, कारण बोलताना त्याची हनुवटी थरथरत होती, ते त्याचं त्याला माहीत नव्हतं.

“पोर करते काय सध्या?”

“वाट बघते. दार लावू देत नाही.” सुधन्वा ओढूनताणून हसला. “काल तर फाटकापाशी जाऊन गल्लीतल्या कुत्र्यांनाच विचारत होती, टिकली दिसली का म्हणून. आमच्या पुस्तकातली कुत्री सगळी शहाणी ना! वाट सांगतात.”

बुवांचा हात पानावरच राहिला.

“काय म्हणालास?”

“कुत्र्यांना विचारत होती,” सुधन्वा म्हणाला. मग चित्राकडं बोट करून, “पण बुवा, हे डोळे बघा. असे डोळे मला जन्मात साधले नव्हते. हे पान काढवत नाही मला पुस्तकातून.”

तो डोळेच बघत होता. मीही, नाही कशाला म्हणू, तेच बघत होतो.

आणि बुवा उठले.

बुवांचे गुडघे गेलेले. उठायचं तर एका बाजूला मी, दुसऱ्या बाजूला काठी, आणि तोंडानं “विठ्ठला, विठ्ठला”. तो माणूस काठी न घेता ओट्यावरून उडी टाकल्यासारखा अंगणात उतरला. पावट्याचे दाणे सगळीकडं उधळले.

अंगणाच्या टोकाला मठाचा कुत्रा भुऱ्या भाकरी खात होता. शर्वी त्याच्यासमोर उकिडवी बसली होती, तोंडाला तोंड लावून. “भुऱ्या, आमची टिकली दिसली का रे?” भुऱ्याचे दात दिसत होते. घशातून घरघर येत होती, आणि पोर कौतुकानं आणखी पुढं वाकली होती.

बुवांनी तिला मागच्या मागं उचललं. भुऱ्यानं हवेतच तोंड मारलं आणि भाकरी घेऊन तुळशीमागं गेला.

मी धावत पोचलो, तोवर सगळं झालं होतं. बुवांना धाप लागली होती. त्यांनी शर्वीला ओट्यावर आणलं, सुधन्वाच्या मांडीवर बसवलं आणि खांबाला टेकून खाली बसले.

“तो गुरगुरला का?” शर्वीनं विचारलं. “पुस्तकात नाही गुरगुरत.”

सुधन्वाचं तोंड पांढरं पडलं होतं. “अगं, तो… त्याला भूक लागली होती…”

“सांग,” बुवा म्हणाले.

“बुवा, ती लहान…”

“सांग.”

तुळशीमागं भुऱ्या भाकरी मोडत होता, तेवढाच आवाज.

“शर्वी, टिकली येणार नाही,” तो शेवटी म्हणाला. “टिकली मेली, बाळा. फाटकाबाहेर. कुत्र्यानं धरलं तिला.”

शर्वी त्याच्याकडं बघत राहिली. मला वाटलं, आता भोकाड पसरेल. नाही पसरलं.

“तुला कुणी सांगितलं?”

“मीच… मीच नेलं होतं तिला.”

“तू होतास तिथं?”

“होतो.”

“लांब होतास?”

“नाही गं. जवळच होतो.”

“मग उचललं का नाहीस? आजोबांनी मला उचललं, तसं?”

सुधन्वानं माझ्याकडं बघितलं, बुवांकडं बघितलं. बुवांनी डोळे मिटून घेतले होते. त्याला तिथून सुटका नव्हती, आणि खरं सांगतो, त्याच्या जागी कुणी नसावं असंच मला वाटलं.

“बाबा?”

“मी चित्र काढत होतो,” सुधन्वा म्हणाला. “ती इतकी छान उभी होती… म्हटलं, एवढी एक रेघ होऊ दे. मग उचलतो.”

शर्वीनं सुट्या पानांकडं बघितलं. वरचंच पान ते होतं. तिनं त्याला हात लावला नाही. हळूच बापाच्या मांडीवरून उतरली, पायरीवर गेली, दुधाची वाटी उचलली आणि अंगणात उतरली.

इकडं सुधन्वाचा बांध फुटला. मोठा माणूस असा रडताना बघवत नाही. ओट्यावरून सरपटत तो बुवांच्या पायांशी गेला, पायांना मिठी घातली, कपाळ टेकलं.

“चुकलो, बुवा! माझ्याच हातानं घालवलं मी तिला. रोज रात्री तो पंजा दिसतो, उचललेला. मी हाक मारली असती तरी वळली असती ती… नुसती हाक! आणि वर हेच चित्र मिरवायला निघालो होतो मी. मला प्रायश्चित्त सांगा. कुंचला मोडून टाकतो. पुन्हा रेघ ओढणार नाही. तुम्ही म्हणाल ते करतो. नाहीतर या पायांवरून मी उठत नाही.”

बुवांचे पाय त्याच्या आसवांनी भिजले. तो बोलत होता, थांबत होता, पुन्हा बोलत होता. एकेक चूक आठवून सांगत होता. डोकं काही वर करेना.

बुवांनी पाय आखडून घेतले.

“अरे, पाय कसले धरतोस माझे? मान वर कर आधी. पोर कुठं गेली बघ.”