जाळलेल्या किल्ल्याची काजळी

तमिळ मुलखात फार पूर्वी सेंगोडन नावाचा राजा होऊन गेला. शेजारच्या किल्ल्यावर तो वाजतगाजत चालून गेला आणि वेशीवरूनच शेपूट घालून परतला. घरी आल्यावर मात्र मिशांना पीळ देत म्हणाला, "किल्ला जाळून राख केला!"

पण कवीनं गायल्याशिवाय तिथले लोक कुणाचाच विजय खरा धरत नसत. म्हणून राजानं पूंगोडी या कवयित्रीला दरबारात बोलावलं. मिठाच्या बैलगाड्यांबरोबर गावोगाव फिरणारी बाई ती. कुठला राजा कुठून पळाला, हे तिला त्याच्या राणीआधी कळे.

"माझा पराक्रम आत्ता इथंच लिही," राजा गुरगुरला, "नाहीतर हात कलम करीन."

पूंगोडीनं लोखंडी लेखणीनं ताडपत्रावर कुरुकुरु कोरलं आणि पान पुढं केलं. राजानं ते उलटसुलट करून पाहिलं.

"यावर तर काहीच दिसत नाही!"

"कसं दिसेल, महाराज? ताडपत्रावर कोरलेलं अक्षर काजळी चोळल्यावरच उठून दिसतं."

"मग समईची काजळी चोळ की!"

"छे छे! एवढ्या मोठ्या विजयाला समईची काजळी?" पूंगोडीनं हात जोडले. "आपण जाळलेल्या किल्ल्याची चिमूटभर आणवा. तोवर मी पान जपून ठेवते."

दरबारात कुणी खोकलं, कुणी उपरण्यात तोंड लपवलं. राजा सेनापतीकडं बघू लागला आणि सेनापती छताकडं.

पूंगोडी पुढं म्हातारी झाली, पण काजळी काही आली नाही.