थोरल्याची कोरी चौकट

फार पूर्वी, डोंगर अजून मऊ होते आणि नद्यांना नावं पडायची होती, तेव्हा एका गावात दोन भाऊ राहत होते. थोरला शांत, धाकटा तापट. आईबाप नव्हते, म्हणून थोरल्यानेच धाकट्याला भरवून वाढवलं होतं.

त्या गावाच्या वेशीला मातीची एक लांबलचक भिंत होती. गावात जो कोणी कामाला लागण्याइतका मोठा होई, तो डोंगरातली माती, पानं, फुलं कालवून स्वतःचा एक रंग करी आणि भिंतीवरची एक चौकट त्या रंगाने भरी. रंग कसा केला ते कोणी कोणाला सांगत नसे. आणि माणूस मेलं, की घरातल्या सर्वांत धाकट्याने ती चौकट खरवडायची, वर साधी माती लिंपायची आणि तशीच कोरी ठेवायची. गावातली म्हातारी माणसं म्हणत, "रंग नंतरचा. आधी कोरं होतं. आपण कोऱ्यातून चिमूटभर उचलतो आणि जाताना तिथेच ठेवून जातो."

धाकट्याने हे लहानपणापासून ऐकलं होतं आणि ऐकून सोडून दिलं होतं.

एका वर्षी थोरल्याला ताप आला. साधाच ताप. सकाळी तो म्हणाला, "येड्या, जरा पेज कर. मीठ विसरू नकोस." धाकटा पेज घेऊन आला तोवर थोरला गेला होता.

लोकांनी धाकट्याच्या हातात खुरपं दिलं. त्याने चौकट खरवडली. हात चालत होते, डोकं चालत नव्हतं. रंगाचा चुरा पायाशी पडला आणि वाऱ्याने उडाला. माती लिंपून झाल्यावर तो मागे सरकला. समोर काहीच नव्हतं.

"हे काय करून बसलो मी?"

"जे करायचं तेच केलंस," शेजारची आजी म्हणाली. "चल आता घरी."

"घरी कोण आहे?"

आजीने त्याच्या हातातलं खुरपं काढून घेतलं.

धाकट्याने तिथेच ठरवलं, चौकट पुन्हा रंगवायची. दादाचा रंग भिंतीवर असला म्हणजे दादा गावात असल्यासारखाच. पण रंग कालवायला बसला, तर रंगच आठवेना. इतकी वर्षं येता-जाता बघितलेला रंग, आणि डोळे मिटले की कधी हिरवा दिसे, कधी तांबूस. तो घाबरला. उठला आणि दारोदार विचारत निघाला.

कुंभारीण म्हणाली, "तुझ्या दादाचा ना? ओल्या मडक्याचा रंग होता. एकदा काय झालं, भर पावसात माझी भट्टी..."

"गोष्ट नको, मावशी. ओलं म्हणजे किती ओलं, ते सांग."

"ते मोजून कोण बघतं रे, मेल्या?"

गुराखी म्हणाला, "पोपटी. अगदी कोवळं गवत. माझी गाय लंगडत होती तेव्हा तुझा दादा..."

"पोपटी की हिरवा?"

"भांडायलाच आला असशील तर निळा घे."

न्हाव्याने राखाडी सांगितला. शेजारच्या आजीने जांभळा सांगितला, वर म्हणाली, "बस जरा, सांगते." धाकटा बसला नाही. सगळे आंधळे आहेत नाहीतर सगळे खोटारडे, असं म्हणत तो घरी आला. सगळ्यांनी सांगितलेले रंग त्याने एका मडक्यात ओतले, तर चिखल झाला. मडकं फोडलं. शेवटी चिडून झेंडू कुस्करला आणि चौकट भगभगीत केशरी केली. दादा असाच होता, ऊबदार, असं त्याने स्वतःला बजावलं.

मग कोऱ्याचा दिवस आला. त्या दिवशी सारं गाव भिंतीपाशी जमे. जिथे कोरी चौकट दिसेल तिथे कोणीही थांबावं आणि गेलेल्या माणसाविषयी मनात येईल ते बोलावं, अशी रीत होती. रंगवलेल्या चौकटीपाशी कोणी थांबत नसे. त्या रंगाचा माणूस तर गावातच हिंडतोय, त्याच्याविषयी भिंतीशी काय बोलायचं?

धाकटा केशरी चौकटीला पाठ लावून उभा राहिला. डावीकडच्या कोऱ्या चौकटीपाशी बायका एका मेलेल्या सुईणीची नक्कल करून हसत होत्या. उजवीकडे एक म्हातारा डोळे पुसत बोलत होता. धाकट्यासमोरून लोक जात, रंगाकडे बघत, मान खाली घालत आणि पुढे सरकत.

गावात नवीनच लग्न होऊन आलेली एक सून तेवढी थांबली. "किती छान रंग. कोणाचा हो?"

"माझ्या दादाचा."

"अगंबाई, मग ते आले नाहीत का आज?"

धाकट्याने मान वळवून रंगाकडे पाहिलं. मग तो म्हणाला, "नाही आला."

"येतील," असं म्हणून ती हसली आणि पुढे गेली.

धाकट्याला काही उमजेना. ज्यांची चौकट कोरी, ती माणसं आज इथे लोकांच्या हसण्या-रडण्यात होती. दादाचा रंग एवढा ठसठशीत, आणि दादा कुठेच नव्हता. असं कसं, हे त्याला कळलं नाही. कळायची वाट बघण्याचा त्याचा स्वभावही नव्हता. तो वळला आणि नखांनी रंग ओरबाडू लागला. कुंभारणीने चौकटीवर पाणी मारलं, मातीचा गोळा त्याच्या हातात दिला. त्याने तो लिंपला.

सर्वांत आधी पुढे आला तो तेली. तेली आणि थोरला एकमेकांशी बोलत नसत, हे सगळ्या गावाला ठाऊक होतं.

"माझ्या लेखी तो मिरचीचा रंग," तेली म्हणाला. "भर बाजारात म्हणाला, तुझ्या घाण्याचा बैल उपाशी आहे. मी बोलणं टाकलं." त्याने ओल्या मातीला बोट लावलं. "बैल उपाशीच होता. आता मी अबोला धरू तरी कोणाशी?"

धाकट्याला हे माहीत नव्हतं. त्याला हसू आलं आणि हसता हसताच रडू फुटलं. दादा मिरचीसारखा? धाकट्यावर तर त्याने कधी आवाज चढवला नव्हता. हा कुठला दादा?

"आणि तुझ्या लेखी कोणता रे?" तेल्याने विचारलं.

धाकट्याने ओल्या मातीकडे पाहिलं. "मला नाही सांगता येत."

"मग बस खाली," तेली सरकून जागा करत म्हणाला. "मागे रांग लागलीये."

धाकटा बसला. पुढचा माणूस बोलू लागला. या वेळी धाकट्याने त्याला मध्येच तोडलं नाही.

तात्पर्य: गेलेल्या माणसाची जागा घाईने आपल्या रंगाने भरून टाकू नये, ती मोकळी राहिली, तरच बाकीच्यांना त्याला घेऊन आपल्यापाशी येता येतं.