वीस आवर्तनं

"पण हप्ता झेपतोय ना, बुवा? मग अडतंय कुठे?"

राजेश्वर तोटावार हे तिसऱ्यांदा विचारत होता. मोतीगीर बुवा पखवाजाच्या चामडी वाद्या ओढून बघत होते.

बुवा पूर्णेच्या काठच्या गोसाव्यांच्या मठात राहत. वय एकाहत्तर. त्यांच्याइतका पखवाज त्या मुलखात कुणी वाजवत नसे, आणि त्यांच्याइतकं कमी कुणी बोलतही नसे.

राजेश्वर त्यांचा अकरा वर्षांचा शिष्य. एका कारखान्यात खर्चाचे हिशेब बघायचा. तोटावारांचं पोर आकड्यात कधी चुकत नाही, असं त्याच्या गावात म्हणतात. निदान मठात येऊन त्याने तसं सांगितलं होतं.

वाजवायलाही वाईट नव्हता. उजवा हात मोठा तयारीचा. डावा मात्र लग्नातल्या पाहुण्यासारखा बसून राही.

बुवांच्या गुरूंची एक परन होती, पखवाजावरची बांधीव रचना. महाशिवरात्रीला बुवा ती एकदाच वाजवत, आणि त्या दिवशी राजेश्वरच्या डोळ्यांत पाणी येई. दर वर्षी तो ती मागत असे. दर वर्षी बुवा म्हणत, "आधी डावा हात बसू दे."

आज तो परन मागायला आला नव्हता. चार वाजता त्याला बँकेत कर्जाच्या कागदांवर सही करायची होती, आणि त्याआधी बुवांचा आशीर्वाद हवा होता.

मठात दीड वाजला होता. चैत्राचं ऊन, गरम वारा.

"घर केवढ्याचं?" बुवांनी विचारलं.

"पन्नास लाखांचं. दहा हातचे, चाळीस बँकेचे."

"चुकलास."

राजेश्वरच्या कपाळावर आठी आली. त्याने कागद न बघता आकडे मांडले. साडेआठ टक्के व्याज. हप्ता चौतीस हजार सातशे तेरा. महिने दोनशे चाळीस. चाळीस लाखांचे फिटेपर्यंत त्र्याऐंशी लाख एकतीस हजार.

"हे ठाऊक आहे मला. पैशालाही भाडं असतं, बुवा."

"चार आण्याची कोंबडी, बारा आण्याचा मसाला."

"सगळेच खातात ती कोंबडी," राजेश्वर म्हणाला. "मी आकडे बघून घ्यायलोय, आंधळेपणानं नाही."

मग त्याने बाकीचंही सांगितलं. पगारात हा हप्ता बसत नव्हता. म्हणून त्याने गुजरातेतल्या कारखान्यावर तीन वर्षांसाठी बदली मागून घेतली होती. तिथे भत्ता चांगला. सोमवारी निघायचं. बायको आणि सात वर्षांची मुलगी ऋता इथेच राहणार. त्यातूनही काही उरलं तर जादा भरायचं, म्हणजे कर्ज लवकर फिटेल.

"म्हणजे दुगुन, दुप्पट लय," बुवा म्हणाले.

"हो. दुगुन."

"आणि हात कुणाचा दुखणार?"

राजेश्वर हसला. बुवा हसले नाहीत.

दोन खोल्यांचं घर घेतलं असतं तर पंचवीस लाखांच्या कर्जात भागलं असतं, गुजरातही लागली नसती. हेही त्यानेच सांगितलं. पण तिसरी खोली हवी होती. ती बुवांसाठी होती. मठाचं छप्पर गळतं, थंडीत बुवांना खोकला धरतो. म्हातारपणी गुरूला आपल्या घरी न्यायचं, हे त्याने कधीचं ठरवलेलं होतं.

"कर्ज फिटलं, की मी मोकळा. मग तुमच्यासमोर निवांत बसतो. परन तेव्हा द्या."

हे तो मनापासून बोलला. त्यात खोट काही नव्हती...

बुवांनी मठाच्या डब्यातून मूठभर कणीक काढली आणि त्याच्या पुढ्यात ठेवली. "मळ."

पखवाजाच्या डाव्या तोंडाला ओली कणीक थापतात. ती असते म्हणून डावी बाजू घुमते. दर बैठकीला ताजी मळायची, वाजवून झालं की खरवडून नदीत माशांना टाकायची. राजेश्वरने मळली, थापली. पाण्याची वाटी शेजारी ठेवली.

"चौताल," बुवा म्हणाले. "वीस आवर्तनं."

"वीस? दोन मिनिटांचं काम."

"लय माझी."

चौतालाच्या मात्रा बारा. बारा महिन्यांचं एक आवर्तन. राजेश्वरच्या ते लगेच लक्षात आलं, आणि आपल्याला लगेच कळलं याचं त्याला बरंही वाटलं.

बोल वाजवायचे नाहीत, बुवांनी सांगितलं. एका मात्रेला एकच थाप. वर्षभरातला जेवढा पैसा व्याजाला जाईल तेवढ्या मात्रा उजवीकडे. जेवढा घराच्या मुद्दलाला लागेल तेवढ्या डावीकडे. आणि प्रत्येक समेवर, म्हणजे आवर्तन जिथून सुरू होतं तिथे, तीन वयं मोठ्याने सांगायची. त्याचं, ऋताचं, बुवांचं.

"बँकेचा तक्ता पाठ आहे ना?"

"आहे."

"मग चल."

बुवांनी डोळे मिटले. एक श्वास आत, एक बाहेर, आणि तळहात मांडीवर. ही एक मात्रा.

"अडतीस. सात. एकाहत्तर," राजेश्वर म्हणाला.

पहिल्या वर्षी बारांतल्या दोनच मात्रा घराच्या होत्या. दोनदा डावा हात पडला. दहादा उजवा. डावा हात हवेत नुसताच थांबला होता, आणि थांबून त्याचा खांदा भरून आला.

"एकोणचाळीस. आठ. बहात्तर."

पुन्हा दोनच. चार लाख सोळा हजार भरायचे, आणि त्यातून घराला एवढंच. कागदावर त्याने हे शंभरदा बघितलं होतं. हाताला ते नवीन होतं.

"चाळीस. नऊ. त्र्याहत्तर."

"ऋता कुठे?" बुवांनी डोळे न उघडता विचारलं.

"इथे."

"तू?"

"तिकडे."

तळहात मांडीवर पडला. राजेश्वरने थाप दिली.

चौथं आवर्तन झालं, पाचवं झालं. इतकी संथ लय त्याने कधी वाजवली नव्हती. एका थापेपासून दुसरीपर्यंत करायला काहीच नसे, नुसती वाट बघायची. कपाळावरचा घाम डोळ्यांत उतरला, पण पुसायला हात नेला तर मात्रा हुकेल अशी धास्ती होती.

"चव्वेचाळीस. तेरा. सत्त्याहत्तर."

"सम आली?"

"आली."

"माझे दोन श्वास राहिलेत."

आकड्यात न चुकणारा माणूस बारा मोजताना चुकला होता. घाई त्याच्या हातात कधी शिरली, ते त्याला कळलंही नव्हतं. त्याने राहिलेल्या दोन थापा दिल्या, समेवर आला आणि तीच वयं पुन्हा सांगितली.

आठव्या आवर्तनात डावीकडच्या थापा चार झाल्या. त्याने हात टाकला, आणि आवाज पातळ आला. गरम वाऱ्याने कणीक सुकत चालली होती.

वाटी हातभर अंतरावर होती. दोन बोटं पाणी लावायचं, एवढंच काम. नवव्यात त्याने हात तिकडे नेला, आणि तेवढ्यात बुवांचा तळहात मांडीवर पडला.

"हप्ता चुकला," बुवा म्हणाले. "दंडाची एक उजवीकडे दे."

त्याने कोरडाच हात मागे घेतला. थाप दिली. आता त्याला बुवांचा राग आला होता. आपण आशीर्वाद मागायला आलो, हे काय चाललंय?

"अठ्ठेचाळीस. सतरा. एक्क्याऐंशी."

दहा आवर्तनं झाली होती. पुढच्या बारा मात्रा त्याने दात आवळून काढल्या.

"एकोणपन्नास. अठरा..."

तिसरा आकडा तोंडातून निघेना.

बुवांचा तळहात पहिल्यांदाच वर अडून राहिला.

"ब्याऐंशी," बुवांनी स्वतःच सांगितलं, आणि तळहात खाली आला.

तिथून पुढे राजेश्वर दोन वयं सांगे आणि तिसरं बुवा. बाराव्या आवर्तनात उजवा आणि डावा सारखे झाले, सहा-सहा. बारा वर्षं सरत आली तेव्हा कुठे बँक आणि घर बरोबरीला आले. एरवी हे त्याने अभिमानाने सांगितलं असतं. चौदाव्यात निम्मं मुद्दल फिटलं.

"त्रेपन्न. बावीस."

तो थांबला. बुवांचं वय आलं नाही. नुसता तळहात पडला.

राजेश्वरने दचकून बघितलं. बुवांचे डोळे मिटलेले होते, छाती वरखाली होत होती. ते बसलेले होते, समोरच. पण आकडा काही त्यांनी सांगितला नाही.

त्याला रडू येईल असं वाटलं. त्याने विचारायला तोंड उघडलं, पण पुढची मात्रा आली.

मग दोनच वयं उरली. "पंचावन्न. चोवीस." चोवीस वर्षांची ऋता कोणत्या घरात असेल, कोणत्या गावात, हे त्याच्या तक्त्यात कुठे नव्हतं. तिला झोपायला स्वतंत्र खोली म्हणून काढलेल्या नकाशाची त्याला आठवण झाली.

आता डावा हातच चालला होता. नऊ, दहा, अकरा. जवळपास सगळाच पैसा घराला लागत होता. ज्याची वाट बघायची ते हेच होतं. पण कणीक वाळून टणक झाली होती, तिला चिरा गेल्या होत्या. थाप पडली की पाटावर टिचकी मारल्यासारखा आवाज यायचा, बस्स. घुमणं संपलं होतं.

विसावं आवर्तन. शेवटची मात्रा. मग सम.

"अठ्ठावन्न," राजेश्वर म्हणाला. "सत्तावीस."

त्याने डावा हात जोरात टाकला. कणकेचा एक टवका उडून सतरंजीवर पडला.

"घर माझं झालं," राजेश्वर म्हणाला. आवाज त्याचा त्यालाच ओळखू आला नाही.

"झालं," बुवांनी डोळे उघडले.

"मग घर घेऊच नको का?"

"घे की. डोक्यावर छप्पर लागतंच माणसाला."

"मग माझा हिशेब चुकला कुठे?"

"कुठे चुकला? त्र्याऐंशी लाख एकतीस हजार. पै इकडची तिकडे नाही."

राजेश्वरला वाटलं, यापेक्षा बुवांनी दोन थोबाडीत दिल्या असत्या तर बरं झालं असतं. बुवा सुरीने वाळलेली कणीक खरवडत होते. ती सहज निघेना. खाली चामड्यावर पांढुरके डाग पडले होते. त्यांनी सगळे टवके एका पानावर गोळा केले.

फोन वाजला. घर दाखवणारा दलाल होता. साहेब, बँकेत बसलोय, निघालात का, कागद तयार आहेत, एवढंच तो घाईघाईने म्हणाला. ते मठात दोघांनाही ऐकू गेलं.

राजेश्वरने बुवांकडे बघितलं. बुवा त्याच्याकडे बघत नव्हते. ते उठून डब्यापाशी गेले होते.

"आज येत नाही," राजेश्वर फोनवर म्हणाला. पलीकडून बरंच बोलणं आलं. टोकन बुडेल, भाव वाढेल, सोमवारी तुम्ही नसणार. त्याने ऐकून घेतलं. "तो दोन खोल्यांचा अजून आहे का, तेवढं बघून ठेवा. उद्या सांगतो."

त्याने फोन ठेवला. अकरा वर्षं मनात बांधलेली एक खोली त्याने आत्ताच पाडली होती, आणि त्याचं दुःख त्याला लपवता येईना.

"पण मग तुमची खोली, बुवा?" त्याने विचारलं. "तुम्हाला कुठे नेऊ मी?"

बुवांनी नव्याने कणीक मळली होती. पखवाज त्यांनी स्वतःकडे नव्हे, त्याच्या मांडीपुढे सरकवला. डाव्या तोंडाला गोळा थापला, अंगठ्याने कडा दाबल्या, ओली बोटं धोतराला पुसली.

मग समोर बसून म्हणाले, "परन आजपासून. कणीक ओली आहे तोवर डावा हात ठेव."