देवाला लागलेलं सुतक

आमची सहलीची गाडी पडक्या हेमाडपंती देवळापाशी आली. दर्शन उरकून प्रसाद हातात घेतला, तोच दारात आरडाओरडा सुरू झाला. परवा आत दगड कोसळून डागडुजीचा गवंडी मेला होता. त्या जागेवर दिवा लावायला त्याची बायको हौसा आली होती.

"सुतकात देवळात येतेस? लाज नाही वाटत?" विश्वस्त दाजीसाहेब गरजले.

हौसा म्हणाली, "धनी देवाच्याच घरात मेला, मालक. माणूस मेलं त्या घराला सुतक, मग देवालाही लागलंच की. आणि सुतकाच्या घरचं तुम्ही ह्या लोकांना खायला घालताय?"

आमचे हात तोंडापाशीच थांबले. दाजीसाहेब दारातून हटले.

दिवा ठेवायला तिनं जमिनीवरचा गुलाल बाजूला सारला. खाली रक्त होतं. त्यावरूनच आम्ही दर्शनाला गेलो होतो.