तळ्यातलं मीठ

खाडीच्या बांधाआड एक तळं होतं, तेव्हाची ही गोष्ट. वैशाखात त्याचं पाणी खारट झालं आणि थोरल्या मरळ मासळीची पिल्लं मरू लागली. खाडीतून येऊन तिथे राहिलेला एकटा खेकडाच होता. मरळ त्याच्यावर धावून गेली.

"हे मीठ तूच आणलंस. चालता हो."

"मरळबाई, मीठ होतं तेवढंच आहे," खेकडा म्हणाला. "आधी हजार भाग पाण्यात दोन भाग मीठ होतं. उन्हाने निम्मं पाणी नेलं, मीठ नेलं नाही. तेच आता हजारात चार झालंय. गोडं पाणी आलं, तरच ते उतरेल."

"हिशेब सांगू नकोस. पिल्लं माझी मरतायत."

खेकडा बांधापलीकडे उतरला.

तरी खारटपणा वाढतच गेला. खेकड्याने मीठ दडवलं असेल, म्हणून मरळ त्याच्या बिळात शिरली. आत मीठ नव्हतं. भिंतींवर रोज गाळ उपसल्याचे नांग्यांचे ओरखडे होते, आणि तळाच्या गाळातून गोड्या पाण्याची बारीकशी चव तिच्या जिभेला लागली. तिथला झरा बुजत चालला होता.

मरळीने तोंडाने गाळ ढकलून पाहिला, पुन्हा पुन्हा ढकलला. तिला नांग्या नव्हत्या.