खारवेळची हाकेची वाट

बसा मंडळी, त्या कट्ट्यावर बसा. चौथऱ्यावर नको. रिकामा दिसतो म्हणून बसू नका, त्याचंच तर सांगायचं आहे. सकाळपासून तुम्ही ते यंत्र आकाशात फिरवताय, माझ्या कोंबड्या अजून माडाच्या आळ्यातून बाहेर यायला तयार नाहीत. तुमचा नकाशा पाहिला मी. समुद्र गावात चढून आला तर खारवेळच्या माणसांनी कुठून पळायचं, त्याची लाल रेघ तुम्ही किनाऱ्यापासून थेट वर सड्यावर नेली आहे. वरचा तो कातळाचा सपाट माळ, त्याला आम्ही सडा म्हणतो. रेघ बरोबर काढलीत. फक्त ती तिथे तुमच्या आधीपासून आहे.

ही बघा ती वाट. मयेकरांच्या खळ्यातून जाते, तांडेलांच्या पडवीला घासून जाते, पण तिच्यावर कोणी कुंपण घातलेलं नाही. तिच्यावर कोणी मासळी वाळत घालत नाही की दुचाकी उभी करत नाही. दोन्ही कडांना चुना फासलेले दगड आहेत. भावाभावांत इथे वीतभर जमिनीवरून कोर्टकचेऱ्या चालल्या आहेत, पण वाटेचा दगड सरकवायची हिंमत कोणी केली नाही. आणखी एक गोष्ट. या वाटेने एकटा माणूस चढत नाही. एकट्याला वर जायचं असेल तर तो खाडीकडच्या रस्त्याने वळसा घालून जातो.

का, ते ऐका. मी होडीवर होतो तोवर मलाही हे सांगायला सवड नव्हती. आता गुडघ्यांनी असहकार पुकारला आहे, त्यामुळे सवडच सवड आहे.

फार जुनी गोष्ट. कोणाच्या राज्यात घडली ते कोणी सांगत नाही. तेव्हा ही वाट फक्त देवीची होती. देवीचं देऊळ वर सड्यावर, आणि शिमग्याला तिची पालखी याच वाटेने किनाऱ्यावर उतरायची. एरवी वाटेच्या तोंडाला काट्यांचं कवाड घट्ट बांधलेलं असायचं. गाव वसवणाऱ्यांनी देवीला शब्द दिला होता म्हणे, की खांद्यावर पालखी असेल तरच या वाटेवर माणसाचं पाऊल पडेल. रिकाम्या खांद्याने जो पहिलं पाऊल टाकील त्याचा वंश बुडेल. हा चौथरा दिसतो ना, यावर तेव्हा देवीचा पाषाण होता. त्याच्यापुढे गुरव कौल लावायचा. पाषाणाला ओल्या पाकळ्या चिकटवायच्या आणि देवीला विचारायचं. उजवी पाकळी पडली तर हो, डावी पडली तर नाही. होडी पाण्यात लोटायची तरी कौल, लग्न जमवायचं तरी कौल. आमच्या लोकांना शिंक आली तरी आधी देवीला विचारायची सवय.

तिथे खाली, शेवटच्या माडांच्या पलीकडे, आवडी नावाची एक बाई राहायची. तिचा नवरा धाकू होडीवर. घरात कडेवरचा मुलगा आणि सासू, कोंडाय. कोंडाय पडवीत पडली होती, तेव्हापासून तिचं कंबरेखालचं अंग गेलेलं. दिवसभर दारात वाकळीवर पडून ती समुद्राची गाज ऐकायची. गाजेवरून भरती-ओहोटी सांगायची, आणि सून भाकरी करताना तिच्या चुकाही सांगायची. दोघींचं रोज वाजायचं, असं सांगतात. सांगतात ते खरंच असणार, कारण प्रेमाच्या सासवा-सुनांची गोष्ट कोणी इतकी वर्षं लक्षात ठेवत नाही.

मार्गशीर्षातल्या अमावास्येची सकाळ होती. होड्या पहाटेच बाहेर गेलेल्या, गावात बाया, म्हातारे आणि पोरं. अचानक जमीन हलली. उतरंडी कोसळल्या, विहिरींचं पाणी काठाबाहेर उडालं, गुरं दावी तोडून पळाली. थोड्या वेळाने सगळं शांत झालं आणि लोकांना हायसं वाटलं. बायांनी फुटकी मडकी गोळा करायला घेतली. तेवढ्यात कोंडायने दारातून हाक मारली, "आवडे, गाज खंय गेली गो?"

आवडी बाहेर आली. समुद्र नव्हता. जिथे लाटा फुटायच्या तिथे चिखल चमकत होता, खडक उघडे पडले होते आणि मासे तडफडत होते. काही बाया टोपल्या घेऊन तिकडे धावल्यासुद्धा. पडल्या जागेवरून कोंडायला ते दिसत नव्हतं, पण उभ्या जन्मात तिने गाज थांबलेली ऐकली नव्हती.  "झिलाक घे आणि सड्यार जा," ती म्हणाली. "माका हंयच ऱ्हवांदे."

आवडीने मुलाला पाठीशी बांधलं आणि सासूला उचलायला गेली. उचलता येईना. पुन्हा प्रयत्न केला, ओढत उंबऱ्याबाहेर आणली, तिथे तिचा जीव घाईला आला. एका अंगावर दोन जीव जात नव्हते. "तुका न्हेतंय आये," ती म्हणाली, "झिलाक कोणाकडे तरी देतंय आणि परत येतंय." कोंडायने तिला शिव्या घातल्या म्हणे, परत आलीस तर याद राख म्हणून. त्या शिव्या कानात घेऊन ती धावली.

ती इथे, या चौथऱ्यापाशी पोहोचली तर अर्धा गाव उभा. कोणी हलत नव्हतं. काट्यांचं कवाड बंद, आणि रवळू गुरव पाषाणापुढे हात जोडून कौल लावून बसलेला. वाट उघडू का, एवढंच तो देवीला विचारत होता. पाकळ्या चिकटल्या होत्या त्या चिकटल्याच होत्या. पडेनात. त्याने गाऱ्हाणं घातलं, रडला, कपाळ आपटलं. काही जण कंटाळून खाडीच्या रस्त्याने वर जायला निघाले. त्यांची पाठ दिसेनाशी होते तोच खाडीच्या बाजूने आरडाओरडा ऐकू आला. समुद्राच्या आधी खाडी भरली होती. तो रस्ता गेला आणि त्या रस्त्याने गेलेली माणसंही गेली.

आता उरली एवढी एकच वाट. लोक छाती बडवू लागले, पण कवाडाला हात कोण लावणार? मंडळी, तुम्हाला हे वेडेपण वाटेल. मलाही वाटतं. पण आपल्या हाताने आपला वंश बुडवायचा म्हणजे काय, ते कडेवर पोर असलेल्या माणसाला विचारा.

आवडी गुरवाच्या अंगावर ओरडली, "गुरवांनू, वाट सोडा!"

"कौल झाल्याबिगर वाट उघडूची नाय," रवळू म्हणाला. 

"पाकळी पडासर दर्या थांबतलो?"

 लांबून आवाज येऊ लागला होता. गाज नव्हे ती, कातळावरून दगड घसरत यावेत तसा आवाज. आवडीने मुलाला पुढे घेतलं, एका हाताने त्याला धरलं आणि दुसऱ्या हाताने कवाडाचे काटे उपसायला लागली. हात रक्ताने भरला. कवाड सुटलं, बाजूला पडलं, वाट मोकळी झाली. आणि तरीही कोणी पाऊल टाकेना. गर्दीतली एक म्हातारी म्हणाली, "पयलां पाऊल कोण टाकतलो?"

आवडी वाटेच्या तोंडाशी उभी राहिली. तिच्या हातात तिचा वंश होता, तेवढा एकच. खाली दारात सासू होती. बाहेर पाण्यात नवरा होता, जिवंत की मेलेला कोणाला ठाऊक नव्हतं. असं सांगतात की तिने मुलाच्या टाळूवर नाक टेकवून एकदा खोल श्वास घेतला. मग वळली, मुलाला दोन्ही हातांवर पुढे धरलं आणि सगळ्या गावाला ऐकू जाईल असं ओरडली, "ह्यो माझो झील न्हय! आयकलात? माझो न्हय! ज्येचे हात रिकामे आसत त्येनी ह्येका घेवा!"

दोन हात पुढे आले. कोणाचे, ते आमच्यात सांगत नाहीत.

मुलगा तिच्या हातातून सुटला, तशी ती वळली आणि मोकळ्या खांद्यांनी, मोकळ्या हातांनी तिने वाटेवर पहिलं पाऊल टाकलं. आता बुडवायला तिच्याकडे वंश नव्हता. तो तिने सगळ्यांदेखत देऊन टाकला होता.

त्याबरोबर अख्खा गाव वाटेवर लोटला. आणि ज्या मघापर्यंत आपापलं पोर छातीशी घट्ट धरून उभ्या होत्या, त्या बायांनीही तेच केलं. आपलं पोर शेजारणीच्या हातात कोंबलं, शेजारणीचं आपण घेतलं. न जाणो, शाप मागून आलाच तर त्याला आपलं पोर सापडू नये. ज्यांना पोर नव्हतं त्यांनी म्हाताऱ्यांना पाठुंगळी घेतलं. रवळू गुरव पाषाणाकडे बघत उभा होता. मग त्याने देवीला तिथेच ठेवलं आणि दोन काखांत दोन पोरं मारून तो सगळ्यांच्या मागून निघाला. चढताना पोरं एका हातातून दुसऱ्या हातात गेली. कोण कोणाचं, हे बघायला कोणाला उसंत नव्हती.

आवडी मात्र थोडी चढून कडेला थांबली. माणसं पुढे गेली तशी ती उलटी खाली पळाली. तिला कोणी अडवलं नाही. हे मी मुद्दाम सांगतो, कारण सांगणारे हे वगळतात. कोणाचेच हात रिकामे नव्हते.

सड्यावरून लोकांनी पाहिलं. ती दारापाशी पोहोचली. तिने सासूला पाठीवर घेतलं. मघाशी उचलत नव्हती ती म्हातारी आता उचलली गेली. दोघी मिळून एकच वाकलेली आकृती माडांच्या रांगेतून येताना दिसत होती. वरची माणसं घसा फोडून ओरडत होती, जणू ओरडण्याने ती लवकर येईल. ती या चौथऱ्याच्या अगदी जवळ आली होती. खांद्यावर माणूस घेऊन येत होती. पाणी आलं ते माडांच्या वरून आलं. ओसरलं तेव्हा घरं नव्हती, माडांचे बुंधे होते, चौथरा होता. पाषाण नव्हता, आणि त्या दोघीही नव्हत्या.

खोल पाण्यातल्या होड्या वाचल्या. धाकू परत आला, त्याने आपल्या घराची जागा शोधली, सापडली नाही. मग सड्यावर आला आणि विचारू लागला, "माझो झील खंय आसा?" कातळावर पोरं बसवली होती. त्यातल्या कित्येकांच्या आया टोपल्या घेऊन मासे वेचायला गेल्या त्या परत आल्याच नव्हत्या. त्यातला धाकूचा कोणता हे सगळ्यांना माहीत होतं, पण कोणी तोंड उघडेना. आवडीने गावादेखत सांगितलं होतं की तो तिचा नाही. एकदा तो तिचा म्हटला की शाप त्याला गाठणार. शेवटी रवळू गुरव पुढे आला आणि म्हणाला, "बघ धाकू, ह्ये सगळे तुझेच."

धाकूने एकेका पोराच्या तोंडाकडे पाहिलं. त्याने ओळखलं असेल का? बापाला कळत नाही होय?  पण ज्या पोरापाशी त्याचे डोळे थांबले असतील, तिथून त्याने ते काढून घेतले, आणि बायकोने जे देऊन टाकलं होतं ते परत मागितलं नाही. पुढे त्याने होडी सोडली. मरेपर्यंत तो या वाटेच्या कडेला दगड लावत राहिला आणि दर वर्षी त्यांना चुना फासत राहिला. पोरं त्याच्याभोवती खेळायची. एकालाही त्याने कधी जवळ घेतलं नाही म्हणतात, घेतलं तर कळेल म्हणून.

रवळूने पुढे गावाला निवाडा दिला. "खांद्यार माणूस आसा, तर ती पालखीच." म्हणजे त्या दिवशी दुसऱ्याला घेऊन जे चढले त्यांनी देवीचा शब्द मोडला नव्हता. मोडला तो एकटीने. परत येताना तीसुद्धा पालखीच घेऊन येत होती, पण वाटेच्या तोंडापर्यंत पोहोचली नाही. हे सांगताना रवळू दर वेळी रडायचा, असं म्हणतात. या चौथऱ्यावर त्याने दुसरा पाषाण बसवू दिला नाही.

ती पिढी ते गुपित घेऊन गेली. आवडीचा मुलगा कोण, कोणाच्या घरात वाढला, त्याची लेकरं कोणती, हे आता कोणालाच माहीत नाही. म्हणून खारवेळमध्ये कोणत्याही घरात विचारा. मयेकर म्हणतील, आमचाच तो. तांडेल म्हणतील, आमचा. खात्रीने कोणीच सांगू शकत नाही, आणि नाही म्हणूनही कोणी सांगू शकत नाही.

तुमचा फलक लावा. बाण काढा, भोंगा बसवा, आम्हाला हवंच आहे ते. फक्त त्या माहितीपत्रकात तुम्ही लिहिलंय, आपल्या कुटुंबाला घेऊन उंच जागी जा. इथे तसं लिहू नका. आपलं माणूस शोधायला गर्दीत उलटं फिरलं की काय होतं, ते आम्ही वरून पाहिलं आहे. जे जवळ असेल त्याला उचला आणि चढा, एवढंच लिहा. आपलं कोणीतरी उचललेलं असतं.

आजही या चौथऱ्यावर कौल लागत नाही. खारवेळमध्ये बाकी सगळं देवीला विचारतात, ही वाट तेवढी विचारत नाहीत. आजही मार्गशीर्षातल्या अमावास्येला समुद्राकडच्या शेवटच्या घरातली बाई दारात उभी राहून आवडीची तीच हाक मारते, आणि अख्खा गाव दुसऱ्याचं पोर, दुसऱ्याची म्हातारी घेऊन वर जातो. सड्यावर पोचेपर्यंत कोणी 'माझं' म्हणत नाही.

आणि मंडळी, तुम्ही पंचांग बघून आला नाहीत, पण ती अमावास्या आजच आहे. ऐका. ऐकलंत? "ज्येचे हात रिकामे आसत..."

उठा आता. नकाशा राहू द्या कट्ट्यावर, इथे हातात कागद असला तरी हात रिकामेच धरतात. माझे दोन्ही मुलगे केव्हाच शेजाऱ्यांना उचलायला गेले. तुमच्यातला तो धिप्पाड गडी, हां, तुम्हीच, जरा खाली वाका आणि मला पाठीवर घ्या. मी कोणाचा, ते मात्र विचारू नका.